आई, आईच्या भूमिकेत

परीक्षक येणार त्याच दिवशी सकाळी लेकीच्या पाठीत उसण भरली. मान वळवायची म्हटलं तरी जीव जात होता.

लेक कलाकार होती. चित्रं काढणारी नव्हे. स्वतःच कलाकृती होऊन बसणारी आणि त्याचे व्हिडिओ करणारी. आपण कोण, आपलं रूप कोण ठरवतं, असल्या प्रश्नांनी तिला झोप लागत नसे. आईला लागत असे. तीन वर्षं आईचा अभ्यास करून लेकीने एक व्हिडिओ केला होता. आईचा स्वेटर, आईचा चष्मा आणि पांढरा विग चढवून ती त्यात शर्टांना बटणं लावत होती. कलादालनात तो भिंतीवर चालू असायचा आणि त्याच्यापुढे काचेच्या खोलीत ती त्याच वेशात बटणं लावत बसायची. मोठ्या संग्रहालयाच्या प्रदर्शनात एकच जागा उरली होती. आज परीक्षकांना खुर्ची रिकामी दिसली की नाव कटणार होतं.

"मी बसते," आई म्हणाली. "विगही नको मला."

लेकीने डोळे मिटून पंधरा मिनिटं सूचना दिल्या. आई कशी बसते, आई खांदे कसे पाडते, आई मान कशी हलवते. आईने सगळं निमूट ऐकून घेतलं आणि स्वतःचा स्वेटर घालून निघाली.

परीक्षक अकराला आले. भिंतीवरचा मजकूर ते वाचत नसत. त्याने मत कलुषित होतं, असं त्यांचं मत होतं. त्यामुळे त्यांनी आपल्या बुद्धीने अंदाज बांधला: व्हिडिओतली ती आई आणि काचेआडची ती मुलगी. मानेवरच्या सुरकुत्यांची त्यांनी तोंडभरून स्तुती केली आणि हे काम कुणाकडून करून घेतलं, असं विचारलं. आईने घरच्या घरीच झाल्याचं सांगितलं.

"पण एक गफलत आहे," ते म्हणाले. "तुमची आई उजव्या हाताने शिवते. तुम्ही डाव्या. इतकी वर्षं एका घरात राहून एवढं लक्षात येऊ नये?"

आईने मागे वळून पाहिलं. पडद्यावरची बाई उजव्या हाताने टाके घालत होती. आईला वाईट वाटलं. खरं काय ते अगदी ओठांवर आलं होतं, पण बोलली असती तर जागा गेली असती.

"चुकलंच," ती म्हणाली.

"महिनाभर आईजवळ बसून तिला नीट बघा," असं परीक्षकांनी सांगितलं, यादीत नाव घातलं आणि ते पुढच्या दालनात गेले.

घरी लेक छताकडे बघत वाट पाहत होती. निवड झाल्याचं ऐकून तिला रडू आलं. पण हुंदका दिला की पाठ धरायची, त्यामुळे ती बेतानेच रडली. मग आईने परीक्षकांनी काढलेली चूक सांगितली. काचेआडच्या बाईने सुई डाव्या हातात धरली होती म्हणे.

लेकीने कपाळावर हात मारला. "आई, तुला साधं आईसारखं बसता आलं नाही? तीन वर्षं घालवलीत मी त्यावर."

आईने शिवणाचा डबा उचलला. पलंगाजवळ खुर्ची ओढून बसली, एक शर्ट मांडीवर घेतला आणि बटण लावायला लागली. लेक बराच वेळ बघत राहिली. आधी आईच्या तोंडाकडे, मग हाताकडे.

"तू डावखुरी आहेस?" तिने हळूच विचारलं. "कधीपासून?"

"तुझ्या जन्माच्या आधीपासून," आई म्हणाली. "महिना दिलाय त्यांनी. पडल्या पडल्या बघ."