दिवा बंद करा!

इतिहासकारांच्या घरात आठवडाभर युद्ध पेटलं होतं, आणि कारणही युद्धच होतं.

युद्धकाळात घराघरांत लोक कसे जगले, यावर त्यांचं पुस्तक तयार होतं. त्यातलं एक प्रकरण खुद्द त्यांच्या वडिलांवर. वडील शाळामास्तर. म्हणे, युद्धाविरुद्धची निनावी पत्रकं त्यांनीच लिहिली, आणि ब्लॅकआउटमध्ये अख्खी गल्ली काळोखात असताना निषेध म्हणून याच घराच्या खिडकीत दिवा ठेवला. प्रकरणाचा खलनायक होता गल्लीचा वॉर्डन. रोज संध्याकाळी खिडकीवर काठी आपटून "दिवा बंद करा! कुणाचं घर आहे हे?" असं गुरकावणारा. पंचाईत एवढीच, की हा वॉर्डन म्हणजे इतिहासकारांचे सासरे.

"माझ्या बाबांना सरकारचा चमचा म्हणता?" बायको कडाडली. "माहेर म्हणून त्यांचं नाव तेवढं उरलं होतं, तेही तुम्ही छापायला निघालात!"

"अगं, पुराव्यापुढे सासराही मोठा नसतो."

झालं! बायकोने अबोला धरला. इतिहासकारांना जेवण गोड लागेना. पण माघार घेतील तर ते विद्वान कसले? मास्तरांचा दिवा पार कोपऱ्यापर्यंत दिसायचा, म्हणजे तो मुद्दामच लावलेला, हे प्रयोगाने सिद्ध करायचं त्यांनी ठरवलं. घरातली पांघरुणं, चादरी, बायकोची ठेवणीतली शालसुद्धा खिडक्यांना ठोकली. एका खिडकीत बोटभर फट ठेवली, दिवा लावला, आणि तिन्हीसांजेला ते पाहायला बाहेर पडले. मागे दार धाडकन लागलं. किल्ली आत.

"अगं, दार उघड!"

आतून आवाज आला, "आई, त्यांना सांगा, मी त्यांच्याशी बोलत नाही."

आईंना, म्हणजे इतिहासकारांच्या आईला, कमी ऐकू यायचं. त्या खुर्चीत डुलक्या घेत होत्या. इतिहासकारांनी हाका मारल्या, कडी वाजवली. शेवटी डोकं फिरलं तेव्हा छत्रीने खिडकी बडवत, आठवडाभर तोंडी बसलेलं वाक्यच ते ओरडले, "दिवा बंद करा! कुणाचं घर आहे हे?"

तारेत बिघाड झाला असावा, असं वाटून समोरच्यांनी दिवे घालवले. त्यांचं पाहून शेजाऱ्यांनी. बघता बघता गल्ली काळोखी झाली. उजेड उरला फक्त त्या फटीत.

आणि दार उघडलं. दारात आई.

"या भाऊ! आज उशीर केलात? कागद आणलेत ना?"

"आई, मी आहे! कसले कागद?"

आई भानावर आल्या आणि खुदकन हसल्या. "अरे, पत्रकांचे. खिडकीत दिवा म्हणजे घरात परकं कुणी नाही, खुशाल या. मग वॉर्डनभाऊ गल्लीला ऐकू जाईल असे ओरडायचे आणि आत येऊन लिहायला बसायचे. अक्षर फार सुरेख त्यांचं."

स्वयंपाकघराच्या दारात बायको येऊन उभी राहिली. तिचे डोळे भरून आले होते.

"आणि मजकूर बाबांचा?" इतिहासकारांनी चाचरत विचारलं.

"तुझ्या बाबांचा? त्यांना दूधवाल्याला चिठ्ठी लिहायची तर दोन पानं लागायची! दोघं नुसते वाद घालत बसायचे, चहा निवून जायचा. शेवटी मी सांगायची आणि भाऊ उतरवून घ्यायचे."

"तू? अगं, मग इतकी वर्षं बोलली का नाहीस?"

"तेव्हा बोलले असते तर भाऊ तुरुंगात गेले असते. पुढे तू एवढा मोठा इतिहासकार झालास. म्हटलं, तुला ठाऊकच असेल."

इतिहासकार छत्री धरून अजून उंबऱ्यातच होते.

"अहो, आत या," बायको म्हणाली. "आणि आधी माझी शाल काढा."