समुद्राने परत केलेले डबे

समुद्राने आमच्या आडखोल गावाचं प्लास्टिक परत करायला सुरुवात केली ती गेल्या कार्तिकात, एका मंगळवारी, आणि त्यातलं एकही भांडं त्याने रिकामं पाठवलं नाही.

सकाळी भरती ओसरली तेव्हा पुळणीवर रांगा लागलेल्या होत्या. डबे, बाटल्या, बरण्या, तेलाचे कॅन, ग्लास, पुड्या, सगळं घासून-विसळून घरक्रमांकाप्रमाणे मांडलेलं. प्रत्येक वस्तूवर नाव होतं. भांड्यांच्या दुकानात स्टीलच्या पातेल्यावर ठिपक्या-ठिपक्यांनी नाव घालून देतात ना, त्याच अक्षरात. 'चि. प्रथमेश तांडेल याच्या बारशानिमित्त' असे ऐंशी ग्लास ओळीने उभे होते आणि प्रत्येकात दोन-दोन कोळंब्या होत्या. प्रथमेश आता बारावीला आहे.

मी ग्रामपंचायतीत लिपिक आहे, त्यामुळे नोंदी घ्यायला मलाच जावं लागलं. माझ्या घराच्या रांगेत शाम्पूच्या चारशे बारा पुड्या होत्या. प्रत्येकीवर 'सौ. शालन खोत, दर रविवार' आणि प्रत्येकीत चिमूटभर वाळू. एवढ्याशा पुडीत तो तरी दुसरं काय भरणार? पण रिकामी दिली नाही. मला लाज वाटली, खोटं कशाला बोलू?

आमचे ग्रामसेवक हळदणकर, त्यांना गावात सगळे भाऊसाहेब म्हणतात. त्यांनी नवं रजिस्टर काढलं आणि वर 'समुद्राकडून आवक' असं लिहिलं. अनुक्रमांक, वस्तू, मालकाचं नाव, आतला जिन्नस, शेरा. पंधराव्या नोंदीला त्यांचीच पाण्याची बाटली निघाली. तिच्यावर 'श्री. हळदणकर, किनारा स्वच्छता मोहीम, उद्घाटन' असं होतं आणि आत एक छोटा खेकडा होता.

"नोंद घेऊ?" मी विचारलं.

"घ्या. पण उद्घाटन लिहू नका. शासकीय काम लिहा." त्यांनी खेकडा बघितला, बूच लावलं, पुन्हा काढलं, आणि बाटली काखेत धरून पुढे चालू लागले.

त्या दिवशी अख्खं गाव पुळणीवर होतं. नावं वाचत होतं, एकमेकांच्या रांगेत डोकावत होतं, नाकं मुरडत होतं. सुंद्राकाकी चोगले मात्र पहिल्या रांगेपासून शेवटच्या रांगेपर्यंत तीनदा चालली आणि हात हलवत परत आली. तिला काहीच आलं नव्हतं.

सुंद्राकाकी सुकी मासळी विकते. वय बहात्तर. तिचं घर गावातलं शेवटचं. मागची पायरी उतरली की थेट पाणीच. सुकट ती वर्तमानपत्रात बांधून देते, ओलं काही असलं तर सागाच्या पानात. बाजाराची पिशवी जुन्या लुगड्याची. प्लास्टिकच्या पिशवीचा नुसता चुरचुर आवाज झाला तरी तिला शिंका येतात, आणि हे सगळ्या गावाला माहीत आहे. अशा बाईचं नाव समुद्र घालणार तरी कशावर?

"बावन्न वर्षं भिंतीला भिंत लावून राहते मी त्याच्या," काकी मला म्हणाली. "त्या वरच्या आळीच्या लोकांना नावानिशी ओळखतो हा. आणि मला नाही?"

"अगो काकी, त्याने ओळखलं ते कचऱ्यावरून. तुझा कचराच नाही."

"म्हणजे घाण केली असती तर मी शेजारीण, आणि नाही केली म्हणून परकी?"

मी रजिस्टर उघडून उगाच एक रेघ मारली.

इथे आमच्या गावाने एक चूक केली. बाहेरच्या कुणी ती केली नसती. आपलं आपल्याला परत मिळालं, मासळी आमटीत गेली, विषय संपला असता. पण आमच्याकडे शेजारचा डबा आला की तो कुणी रिकामा परत करत नाही. निदान वाटीभर साखर तरी घालायची, नाहीतर लोक नावं ठेवतात. आता हिशोब बघा, आम्ही इतकी वर्षं त्याच्याकडे सगळं उष्टं, मळकट आणि रिकामं पाठवलं. त्याने घासून, भरून परत केलं. मान कुणाची खाली गेली? आमचीच. तेव्हा एकदा तरी नीट भरून पाठवायलाच हवं, असं प्रथमेशच्या आईने, प्रमिला तांडेलने, बायकांना सांगितलं आणि ते सगळ्यांना पटलं. मलाही पटलं.

दुसऱ्या दिवशी ओहोटीला डबे गेले. कुणी पोहे दिले, कुणी शंकरपाळे, कुणी घावने. मी नारळाच्या वड्या दिल्या, आणि शाम्पूच्या प्रत्येक पुडीत एकेक तीळ घातला. चारशे बारा तीळ. माझे मिस्टर म्हणाले, वेड लागलंय तुला. त्यांना म्हटलं, तुमच्या तंबाखूच्या पुड्या दोन हजार आहेत, तुम्ही तुमचं बघा. तेही मोहरी घेऊन कामाला लागले.

सकाळी सगळं परत आलं. भरून.

मग काय, चालूच झालं. आज आम्ही शेवया पाठवल्या की उद्या तिकडून कालवं. आम्ही थालीपीठ, तर त्याचा जवळा. समुद्राच्या हाताला चव होती, हे कबूल केलंच पाहिजे. शिवाय तो तळातलं जुनं एकेक काढून आणत होता, त्यामुळे रांगा वाढत चालल्या. महिन्याभरात बायका मेटाकुटीला आल्या. प्रमिलाने ऐंशी ग्लासांत ऐंशी वेळा खीर ओतली आणि ऑफिसात येऊन माझ्यासमोर मटकन बसली.

"शालनताई, हात गेले माझे. पण बंद कोण करणार? आपण बंद केलं तर तो काय म्हणेल?"

भाऊसाहेबांनी तालुक्याला मार्गदर्शन मागवलं. उत्तर आलं की समुद्र ही बाब 'शेजारी' या व्याख्येत नमूद नाही, तथापि स्थानिक रूढीप्रमाणे योग्य ती कार्यवाही करावी आणि अहवाल सादर करावा. भाऊसाहेबांनी ते पत्र दोनदा वाचलं आणि फाईलला लावलं.

या सगळ्या धामधुमीत सुंद्राकाकी रोज पहाटे पुळणीवर जायची. कुणाचंही नाव न वाचता सरळ रांगांच्या टोकाला जाऊन उभी राहायची, कारण शेवटचं घर तिचं. तिथे वाळू असायची. घरोघरी समुद्राकडचं जेवण शिजत होतं आणि ती आपली सुकट भाजून खात होती. आठव्या दिवशी तिने रीतसर अर्ज दिला. विषय: समुद्राकडून काहीही न मिळाल्याबाबत.

भाऊसाहेबांनी मला रजिस्टर तपासायला सांगितलं. मी सगळी पानं बघितली. मग त्यांनी दाखला लिहिला की अर्जदार श्रीमती सुंद्रा चोगले यांची समुद्राकडील आवक आजअखेर निरंक आहे. सही, शिक्का.

"निरंक म्हणजे काय?" काकीने विचारलं.

"म्हणजे काही नाही," भाऊसाहेब म्हणाले. "चांगलंच आहे ते, काकी. गावात एकट्या तुम्हीच निरंक आहात. दाखला फ्रेम करून लावा."

"तुमच्या बाटलीला लावा फ्रेम," काकी म्हणाली आणि दाखला टेबलावर ठेवून निघून गेली.

मला राहवलं नाही. दुपारी आइस्क्रीमचा एक रिकामा डबा घेऊन मी तिच्याकडे गेले. पांढराशुभ्र, झाकणाचा, कुणाचंही नाव नसलेला. म्हटलं, काकी, एकदाच टाक. एका डब्याने काय बिघडतंय? उद्या भरून येईल, तुझं नाव घालून येईल. लोकांची तोंडं बंद.

काकीने डबा हातात घेतला. उलटा केला, सुलटा केला, शिंकली. मग लुगडं वर खोचून मागच्या पायरीने गुडघाभर पाण्यात उतरली आणि तशीच उभी राहिली. मी पायरीवर बसून देवाचं नाव घेत होते. शेवटी ती वळली आणि डबा माझ्या मांडीवर आणून ठेवला.

"नको बाये. पहिल्या भेटीला हे घेऊन जाऊ?" लुगड्याचा ओला काठ पिळत ती म्हणाली. "आणि मीच का जाऊ पहिली? मी लग्न होऊन आले तेव्हा तो होताच इथे. आधीच्याने नव्याला विचारायचं असतं. बावन्न वर्षांत त्याने मला विचारलं नाही. राहिलं."

त्या दिवसापासून तिने त्याच्याशी बोलणं टाकलं. आधी ती रोज बोलायची, सकाळी तोंड धुताना, मासळी वाळत घालताना. आता पाठ करून बसायला लागली. मला फार वाईट वाटलं, पण करणार काय?

पौषात ग्रामसभा झाली. विषय एकच: डबे थांबवणे. भाऊसाहेबांनी विचारलं, शेजाऱ्याला न दुखवता देवाणघेवाण कशी थांबवावी, याची गावात काही प्रथा आहे का? बायका एकमेकींकडे बघायला लागल्या आणि हळूहळू हसायला लागल्या. प्रथा होती. सगळ्यांनी कधी ना कधी ती पाळली होती. डबा आपल्याकडे आला की ठेवून घ्यायचा. 'राहू दे गो, भरून देते' म्हणायचं आणि द्यायचाच नाही.

"मग झालं तर," प्रमिला म्हणाली. "नाव आपलंच आहे त्याच्यावर. ज्याचं नाव, त्याच्या माळ्यावर."

ठराव एकमताने मंजूर झाला. प्लास्टिक ज्याचं त्याने घरात ठेवावं, समुद्राकडे जुनं जाऊ नये आणि नवंही जाऊ नये. बंदरावरच्या खांबाला नोटीस चिकटवली आणि समुद्राला हरकत घ्यायला तीन भरत्यांची मुदत दिली. तीन भरत्या आल्या आणि नोटिशीला हात न लावता गेल्या. भाऊसाहेबांनी 'हरकत नाही' असा शेरा मारून रजिस्टर बंद केलं.

माळे भरले. पलंगाखालची जागा भरली. प्रथमेश आता स्वतःच्या बारशाच्या ग्लासांच्या शेजारी अभ्यासाला बसतो. अशा घरात नवी बाटली आणायची म्हटली तर ठेवणार कुठे? म्हणून लोक किराणा दुकानात आपली जुनी बाटली घेऊन जातात आणि सुटं तेल आणतात. मी शिकेकाई उकळते. केस गळायचे थांबले नाहीत, पण ते वयाचं आहे. पुळण इतकी स्वच्छ झाली की पहिले काही दिवस आम्हाला ती उघडी-उघडी वाटायची. नंतर सवय झाली. गाव खुशीत होतं.

एकटी सुंद्राकाकी तेवढी खुशीत नव्हती. तिच्या दृष्टीने दारच बंद झालं होतं. "निरंकच राहिले गो मी," एवढंच ती एकदा म्हणाली, आणि सुकट निवडत राहिली.

माघातल्या एका सकाळी ऑफिस उघडतच होते तर काकीची हाक आली. समुद्रावरून ऑफिसपर्यंत ऐकू येईल अशी हाक. मी धावले. भाऊसाहेब रजिस्टर काखेत मारून मागोमाग आले.

काकीच्या मागच्या पायरीवर एक शिंपला ठेवलेला होता. ताटलीएवढा, दोन्ही कवचं मिटलेला, खाली ओलं शेवाळ नीट पसरलेलं. भाऊसाहेबांनी गुडघे टेकून वरचं कवच उचललं. आत तिसऱ्या होत्या. साफ केलेल्या, एकेक आपापल्या अर्ध्या शिंपीत, कालवण करायला घ्याव्यात तशा तयार.

भाऊसाहेबांनी शिंपला सगळ्या बाजूंनी बघितला. चष्मा पुसून पुन्हा बघितला.

"नाव नाही," ते म्हणाले. "म्हणजे ही परत केलेली वस्तू नव्हे. मग नोंद कशात घ्यायची?"

"घेऊच नका," मी म्हटलं. "हे गावाचं नाही. त्याच्या घरचं भांडं आहे हे."

काकी खाली बसली, शिंपल्याच्या कडेवरून बोट फिरवलं, आणि डोळ्यांतून घळाघळा पाणी यायला लागलं. पुसलं नाही तिने. भाऊसाहेबांनी रजिस्टर मिटलं आणि समुद्राकडे बघून, वरिष्ठांना करतात तसा, थोडं वाकून नमस्कार केला.

"चला, मी निघतो," ते हळूच म्हणाले.

"थांबा," काकी एकदम उठली. "भांडं त्याचं आहे. ते ठेवून कसं घेऊ? आणि रिकामं कसं देऊ?" तिने पातेल्यात तिसऱ्या काढल्या, शिंपला दोन पाण्यांनी धुतला, पदराने पुसला आणि माझ्याकडे वळली. चेहरा नव्या सुनेसारखा लाल झाला होता.

"शालन, तू त्याला एवढं पाठवलंस. त्याला गोड चालतं का गं?"

"चालतं. नारळाची वडी तर फार आवडते. गूळ घाल पण."

भरती साडेबाराला होती. मी अर्ध्या दिवसाची रजा तिथल्या तिथे तोंडी मागितली, भाऊसाहेबांनी तोंडीच मंजूर केली, आणि मी नारळ खवायला बसले.