खिडकीतला धूर

प्रदर्शनाआधी चित्राची घरीच एकदा चाचणी घ्यावी, एवढंच मी ठरवलं होतं. (माझ्या हातून घडलेल्या बहुतेक आपत्तींची सुरुवात 'एवढंच'नेच झालेली आहे.)

मी चित्रकार. रंग, ब्रश वगैरे नाही, सगळं कॉम्प्युटरवर. परळच्या आमच्या चाळीतल्या खिडकीतून पूर्वी गिरणी दिसायची, आता तिच्याच जागी उभा राहिलेला काचेचा टॉवर दिसतो. तो मी पडद्यावर पुसून टाकला, गिरणी उभी केली आणि चिमणीतून हलता धूर सोडला. परिसर बदलला तरी डोळ्यांना जुनंच दिसत राहतं का, असा काहीसा गहन विषय होता. विषय गहन असला की गॅलरीवाले निदान चहा पाजतात.

"बाबांसमोर कशाला लावताय ते?" माझी बायको नलू म्हणाली. "आधीच त्यांचं डोकं गरम."

बाबा त्याच गिरणीत साचे, म्हणजे माग, चालवायचे. ब्याऐंशीचा संप रीतसर कुणी मागे घेतलाच नाही, म्हणून गेली बत्तीस वर्षं ते संपावर आहेत. संप मिटेपर्यंत घरातल्या कुणी गिरणीच्या गेटाच्या आत पाय ठेवायचा नाही, अशी त्यांची शपथ. आणि माझी पोटापाण्याची नोकरी त्याच टॉवरच्या नवव्या मजल्यावर! बाबांना मी 'फोर्टात आहे' म्हणून सांगून ठेवलेलं. लाज वाटायची, पण दुसरी नोकरी देतो कोण?

सकाळी खिडकीत स्क्रीन बसवून बटण दाबलं. बाबा चहाची बशी घेऊन आले. धूर बघून त्यांनी बशी खाली ठेवली.

"संप कोणी फोडल्यान?"

"बाबा, अहो, चित्र आहे ते!"

ऐकतो कोण! टोपी घालून ते जिना उतरलेसुद्धा. मी गळ्यात ऑफिसचं कार्ड अडकवून (सवय, दुसरं काय!) मागे धावलो.

गेटावर बाबा दोन्ही हात पसरून उभे. "कामार जाव नकात! संप चालू आसा!" पोरंपोरी मोबाइलमध्ये बघत त्यांना वळसा घालून आत जात होती. एकीनं तर 'प्लीज अंकल' म्हणत त्यांना बाजूला सरकवलं. मी त्यांचा हात धरणार, एवढ्यात वॉचमननं मला सलाम ठोकला.

"गुड मॉर्निंग सर! आज लेट?"

बाबांनी माझ्या गळ्यातलं कार्ड नीट पाहिलं.

"बाबा, त्या धुरामुळे तुमचा गैरसमज..."

"धुराक मी भुलूक नाय. चिमणी तू डावीकडे काढलंस. ती उजवीकडे होती. त्याच खिडकीत बसान दहावी झालंस मां?"

"मग इथे कशाला आलात?"

"रोज धा मिनटात घराक जेवूक येणारो माणूस खंयच्या फोर्टात कामाक आसा, ता बघूक."

त्यांनी चारचौघांत मुस्कटात मारली असती तर बरं वाटलं असतं. त्यांनी फक्त पसरलेले हात खाली घेतले.

"जा आता. खाडो लागात."

मी गेलो. आमच्या घरातला बत्तीस वर्षांचा संप मी अधिकृतपणे फोडला, आणि तोही अर्धा तास उशिरा पोहोचून.