एकतीस सेकंदांचा दादा

कुठला अल्बम किती चालला, हे गायकाच्या आधी मला कळतं. फुशारकी मारत नाही, नोकरीच तशी आहे. दर शुक्रवारी शंभर अल्बमांची जी यादी निघते ती आमच्या ऑफिसातून निघते, आणि तिच्यातली बेरीज गेली एकोणीस वर्षं मी करतो. म्हणूनच माझ्या सख्ख्या थोरल्या भावाचा अल्बम बाहेर आला त्या दिवशी, भरल्या पंगतीत, मी छाती पुढे काढून जाहीर केलं, "दादा, पुढच्या शुक्रवारी तू यादीत. माझ्यावर सोड!"

"जमेल तुला?" दादाने विचारलं. त्याचा आवाज तेव्हाच इतका घोगरा झाला होता की पुढे वाकून ऐकावं लागे.

"मला नाही जमणार तर कुणाला जमणार?"

त्या क्षणी घरातल्या कुणीतरी माझ्या तोंडावर हात ठेवायला हवा होता. पण सगळ्यांचे हात जेवणात गुंतलेले होते.

दादा तीस वर्षं कोरसमध्ये गायला. म्हणजे मोठा गायक पुढे उभा राहून गातो आणि मागे आठ-दहा जण 'आ आ' करतात ना, त्यातला डावीकडून तिसरा. वहिनी म्हणायची, "यांच्या वाट्याला 'आ'च्या पुढचं अक्षर कधी आलंच नाही." मग घसा धरला, तपासण्या झाल्या आणि डॉक्टरांनी सरळ सांगितलं की स्वरयंत्र काढावं लागेल. जीव वाचेल, आवाज जाईल. दादाने त्यांच्याकडून तीन आठवडे मागून घेतले आणि तेवढ्यात आठ गाणी रेकॉर्ड केली. स्वतःची, स्वतःच्या आवाजात, पुढे उभं राहून. अल्बम एका शुक्रवारी बाहेर आला आणि ऑपरेशन त्याच्या पुढच्या शुक्रवारी सकाळी ठरलं.

"यादीबिदी राहू दे रे," तो मला म्हणाला होता. "कुणीतरी ऐकलं, एवढं कळलं तरी पुरे. मग काढू देत काय काढायचंय ते."

हे त्याने अगदी सहज म्हटलं. मला मात्र ते सहज घेता आलं नाही. म्हणून मी यादीचं एवढं मनावर घेतलं.

आता आमची मोजणी कशी चालते ते ऐका. पूर्वी सोपं होतं, दुकानातून सीडी गेली की एक. पण आता विकत घेतो कोण? सगळे फोनवर ऐकतात. मग विकणं आणि ऐकणं एका तराजूत घालायचं कसं? तर त्याचा नियम आहे. एक सीडी विकली की एक अल्बम. सुटी दहा गाणी विकली तरी एक अल्बम. आणि फोनवर गाणी मिळून पंधराशे वेळा वाजली की एक अल्बम. आता गाणं 'वाजलं' असं कधी म्हणायचं? तीस सेकंदं झाली की. पुढची चार मिनिटं तुम्ही डोळे मिटून ऐका नाहीतर उठून आंघोळीला जा, आमच्या लेखी दोन्ही सारखंच.

आदल्या आठवड्यात शंभराव्या नंबरावरचा अल्बम साठावर अडकला होता. साठ गुणिले पंधराशे म्हणजे नव्वद हजार. मी कागदावर गणित मांडलं. चौदा फोन, रोजचे दहा तास, दर एकतिसाव्या सेकंदाला पुढचं गाणं. सहा दिवसांत काम फत्ते!

नातेवाइकांकडून जुने-नवे, तडे गेलेले, चिकटपट्टी लावलेले असे चौदा फोन गोळा केले आणि आमच्या जेवणाच्या टेबलावर मांडले. ऑफिसातून पाच दिवसांची रजा काढली. बायको, आत्या आणि ताई यांना समोर बसवून नियम सांगितले. आवाज पूर्ण बंद करायचा नाही, मुकं गाणं मोजत नाहीत. तीस सेकंदांच्या आत हात लावायचा नाही. एकतिसाव्याला लगेच पुढचं. एक सेकंदसुद्धा फुकट घालवायचं नाही.

"पण तो गातोय काय ते तरी ऐकू दे," आत्या म्हणाली.

"आत्या, ऐकायला जन्म पडलाय. आत्ता मोजायचंय."

"मग मी काय मोजायला बसलेय का? माझा भाचा गातोय."

"शुक्रवारनंतर ऐक. चल, एकतीस झाली, दाब."

ताईने पहिल्याच दिवशी घोळ घातला. तिला वाटलं, अल्बम चालवायचा म्हणजे वाटायचा. ती शिकवते त्या शाळेत तिने दादाकडच्या चाळीस सीड्या फुकट वाटून टाकल्या आणि मोठ्या अभिमानाने मला फोन केला. मी डोकं धरलं. भेट दिलेली सीडी विकलेली नसते, आणि जी विकली नाही ती आमच्या हिशेबी जन्मालाच आलेली नाही. वर त्या चाळीस जणांकडे सीडी लावायचं यंत्रच नव्हतं. एका शिक्षकाने त्या सीडीवर चहाचा कप ठेवायला सुरुवात केल्याचं मागाहून कळलं.

दुसऱ्या दिवशी बायकोचा अंगठा सुजला. तिसऱ्या दिवशी खालच्या मजल्यावरचे निवृत्त पोस्टमास्तर वर आले आणि काळजीने म्हणाले, "तुमचा रेडिओ बिघडलाय का हो? गाणं सुरू होतं आणि मरतं, सुरू होतं आणि मरतं." त्यांचं काही चुकलं नव्हतं. आमच्या घरात दिवसभर आठ गाण्यांची नुसती तोंडं फिरत होती, धड कुणाचंच नव्हतं. मला आठही गाण्यांची पहिली एकतीस सेकंदं तोंडपाठ झाली. बत्तिसावं सेकंद कसं असतं, याची मला कल्पना नव्हती, आणि खरं सांगतो, तेव्हा त्याचं काही वाटतही नव्हतं.

बुधवारी दुपारी बेल वाजली. दारात दादा.

"दवाखान्यात भरती व्हायच्या आधी म्हटलं एकदा तुमच्याकडे बसून जावं," तो म्हणाला.

मी दारातच त्याला मिठी मारली आणि सोडलंच नाही. तेवढ्यात बायकोने तेरा फोन पटापट बंद केले. चौदावा मात्र तिने चालूच ठेवला आणि तो घेऊन स्वयंपाकघरात गेली. ती माझ्याहून शिस्तीची. आकड्यांत खंड पडू नये हे तिने मनावरच घेतलं होतं.

दादा खुर्चीत टेकला आणि एकदम ताठ झाला. भिंतीपलीकडून त्याचंच गाणं येत होतं.

"हे कुठून येतंय?"

"शेजारी लावलंय वाटतं," मी म्हणालो. बोलून गेलो खरा, पण दादाचा चेहरा असा काही उजळला की मला वाटलं, वा! यादी गेली खड्ड्यात, काम इथेच झालं.

"शेजारी? म्हणजे ओळख ना देख, आणि माझं गाणं लावलंय?"

"लोक लावतायत दादा. तुला काय वाटलं?"

त्याने हात वर करून मला गप्प केलं आणि मान तिरकी करून ऐकू लागला. पंचवीस, सव्वीस, सत्तावीस. मी मनात मोजत होतो. मला स्वयंपाकघरात जाऊन बायकोचा हात धरायचा होता, पण दादाने माझाच हात धरून ठेवला होता. एकतीस. गाणं तुटलं, दुसरं सुरू झालं. दादा थोडा हसला. "हे जास्त आवडत असेल." एकतीस. तेही तुटलं. तिसरं सुरू झालं, तुटलं. चौथं सुरू झालं. दादा माझ्या हातावरचा हात काढून खुर्चीत मागे टेकला.

"शेजाऱ्याला आवडलेलं दिसत नाही," तो म्हणाला. "प्रत्येक गाण्याची सुरुवात तेवढी ऐकतो बिचारा. प्रयत्न करतोय, पण पुढे जाववत नाही त्याला."

तेव्हा मी खरं सांगायला हवं होतं. पण उद्या संध्याकाळी मोजणी बंद होईल, परवा याला यादीच दाखवू, मग सगळं मिटेल, असं मी मनाशी म्हटलं आणि त्याला आणखी चहा घेतोस का विचारलं. त्याने मानेनेच नको म्हटलं. पाच मिनिटांत उठून गेला.

गुरुवारी रजा संपवून ऑफिसात गेलो. संध्याकाळपर्यंत नव्वद हजारांच्या वर गेलो होतो. साडेपाचला आमच्या मॅडम एक कागद घेऊन माझ्या टेबलाशी आल्या. ज्या अल्बमांचे आकडे संशयास्पद वाटतात ते मशीन आपणहून बाजूला काढतं, आणि त्यांच्यावर 'रद्द' असा शेरा मारून खाली सही करायचं काम माझंच आहे. त्या दिवशी कागदावर एकच नाव होतं.

"काय प्रकार आहे बघा," मॅडम म्हणाल्या. "एकच घर, चौदा फोन, ब्याण्णव हजार वेळा लावलंय. आणि एकदाही, एकदासुद्धा, एकतीस सेकंदांच्या पुढे ऐकलेलं नाही."

"कुणीतरी चाहता असेल," मी म्हणालो.

"चाहता? अहो, एवढ्या वेळा लावून एकही गाणं पुरं ऐकायचं नाही म्हणजे त्या गायकाचा कुणीतरी जन्माचा वैरी असणार. करा सही."

मी सही केली. माझ्या भावाच्या नावासमोर 'रद्द' लिहिलं आणि सही केली. उरल्या काय, तर दुकानातून खरोखर विकल्या गेलेल्या अकरा सीड्या.

त्या रात्री दादाकडे जायचं होतं. त्याच्या आवाजाची ती शेवटची रात्र होती. मी गेलो नाही. मला लाज वाटली. डोकं दुखतंय म्हणून वहिनीला फोनवर सांगितलं आणि घरी चौदा फोनांसमोर बसून राहिलो. सकाळी मी दवाखान्यात पोचलो तोवर त्याला आत नेलं होतं. म्हणजे दादा शेवटचं जे माझ्याशी बोलला ते त्या शेजाऱ्याबद्दल, आणि तो शेजारी नव्हताच. ही गोष्ट मला अजून झोपू देत नाही.

पाचव्या दिवशी डॉक्टरांनी भेटायला सोडलं. दादा उशीला टेकून बसला होता. गळ्याला पट्ट्या होत्या आणि मांडीवर लिहायची पाटी होती. वहिनी शेजारी स्टुलावर. मला बघताच त्याने लिहिलं, 'कितवा?'

मी 'थोडक्यात हुकलं' असं घोकून आलो होतो. पण तो असा वाट बघत बसला होता की मला खोटं बोलता येईना. सगळं सांगून टाकलं. चौदा फोन, सुजलेला अंगठा, मॅडम, माझी सही. आणि शेजारी म्हणजे माझी बायको, हेही. दादा खाली मान घालून ऐकत होता. मग त्याचे खांदे गदागदा हलायला लागले. मी घाबरून नर्सला हाका मारल्या. ती धावत आली, त्याच्याकडे बघितलं आणि म्हणाली, "काही नाही, हसतायत ते."

तो बराच वेळ तसाच, आवाजाशिवाय, हसत राहिला. मग डोळे पुसून त्याने लिहिलं, 'आठवं ऐकलंस?'

"ऐकलं ना. छान आहे."

'शेवट?'

"शेवट तर... शेवट फारच छान."

थोरल्या भावाला धाकट्याचं खोटं ओळखायला काय लागतं? त्याने माझ्या खिशातून माझा फोन काढला, आठवं गाणं लावलं आणि माझ्या हातात दिला. एकतिसाव्या सेकंदाला माझा अंगठा आपोआप उचलला गेला. दादाने तो मुठीत घट्ट धरला.

आणि बत्तिसावं सेकंद आलं. तिथून पुढे गाणं खरं सुरू होत होतं. मागचा कोरसही दादाचाच होता, चार वेळा गाऊन एकावर एक बसवलेला. त्याच्या मागे उभं राहायला दुसरं कोण येणार? शेवटची ओळ आली आणि आवाज एकाएकी लांब गेला. तीस वर्षांची सवय. ओळ संपत आली की कोरसवाल्याने माइकपासून मागे सरकायचं असतं, तसा तो स्वतःच्याच गाण्यात मागे सरकला होता. आणि मागे काहीतरी असावं, कारण धडाम असा आवाज झाला, एक स्टँड पडला, त्यावर दुसरा पडला आणि दादा म्हणाला, "आई गं."

रेकॉर्डिंगवाला हसत विचारत होता, "लागलं नाही ना? हे शेवटचं कापून टाकू?"

"नको," दादाचा आवाज म्हणाला. "असू दे. माझा धाकटा भाऊ यादीच्या ऑफिसात आहे. तिथे त्यांना प्रत्येक गाणं शेवटपर्यंत ऐकावं लागतं, नोकरीच आहे त्याची. दुसरं कुणी नाही तरी तो इथवर येईलच. ऐकेल आणि हसेल."

गाणं संपलं. दादा माझ्या तोंडाकडे बघत होता. एकोणीस वर्षं त्याची हीच समजूत होती, आणि मी कधी काय करतो ते त्याला नीट सांगितलंच नव्हतं. आता मी फक्त हसायचं होतं. तोंड उघडलं, पण जे बाहेर आलं ते ऐकून शेजारच्या खाटेवरचा पेशंट उठून बसला.

दादाने पाटी पुसली आणि लिहिलं, 'पुन्हा लाव. या वेळी हस.'

सातव्या वेळेला जमलं.