लिफ्टमधला म्हातारा

वयाच्या अडुसष्टाव्या वर्षी नानांनी नट व्हायचं ठरवलं. एकेचाळीस वर्षं कचेरीत कागदांवर शिक्के मारल्यावर माणसाला काहीतरी वेगळं करावंसं वाटतंच (शिक्क्यालाही वाटत असेल). एका हौशी नाटकमंडळीत त्यांना भूमिकाही मिळाली. बंद पडलेल्या लिफ्टमध्ये अडकून भेदरलेला म्हातारा. पण पहिल्याच तालमीत दिग्दर्शकानं तोंड वाकडं केलं.

"नाना, तुम्ही घाबरलेले वाटत नाही, अपचन झाल्यासारखे वाटता. उद्या नीट जमलं तर ठीक."

नाना विचार करत घरी आले. ही संधी गेली तर पुढची कुठल्या जन्मात?

दुसऱ्या दिवशी सकाळी ते सरावासाठी बाथरूममध्ये शिरले. कडी घातली. दोनदा "वाचवा!" म्हणून पाहिलं. पुरे झालं म्हणून कडी सरकवायला गेले, तर तिची मूठ हातात आली आणि कडी होती तिथेच राहिली.

"सूनबाई! मी अडकलो!"

"वा, नाना!" बाहेरून सून म्हणाली. "आज आवाज चांगला लागलाय."

"अगं, खरंच अडकलो! कडी तुटली!"

"कडी नाही, लिफ्ट म्हणा."

"अहो," बायकोचा आवाज आला, "जरा हळू. शेजारीपाजारी काय म्हणतील?"

तेवढ्यात दिवा गेला. (बटण बाहेर होतं.) "वातावरणनिर्मिती!" सून उत्साहानं म्हणाली.

खिडकी नाही, डोळ्यांत बोट घातलं तरी दिसणार नाही असा अंधार. नळ ठिबकत होता की आपलं काळीज, नानांना कळेना. भिंती जवळ सरकल्यासारख्या वाटू लागल्या. आपण इथेच गेलो तर बाहेर टाळ्या पडतील, असा विचार त्यांच्या मनात आला. ते बादलीवर बसले आणि लहान मुलासारखे हुंदके देऊ लागले.

"आई गं... आई..."



"अगं, सुताराला बोलाव," बायको घाबरून म्हणाली. "हे खरं आहे. यांना इतकं चांगलं येत नाही."

सुतार आला. "काका, मागे सरका! लांब व्हा, लागेल तुम्हाला!" दोन दणक्यांत दार उघडलं आणि घामानं निथळणारे नाना बायकोच्या खांद्यावर कोसळले.

सुनेनं हे सगळं मोबाइलवर रेकॉर्ड केलं होतं. तिनं ते लगेच दिग्दर्शकाला पाठवून दिलं. तासाभरात त्याचा फोन.

"नाना, अंगावर काटा आला! काय तो आवाज, काय ती तळमळ!"

नानांनी छाती पुढे काढली. "साहेब, मी अगदी जीव ओतून..."

"तुमचं नाही हो. शेवटी 'मागे सरका' म्हणतो ना, तो कोण? त्याला संध्याकाळी तालमीला पाठवा. म्हातारा तोच करेल."

"आणि मी?"

"तुम्हीही या की. लिफ्टचं दार आतून धरायला कुणीतरी लागेलच."