कावेरीच्या उगमाची पाहणी

सर्जापूर रोडवरील आमच्या सोसायटीत बारसे करायचे असेल, तर मराठी मंडळाच्या नामपडताळणी समितीचे प्रमाणपत्र लागते. त्याशिवाय क्लबहाउसची किल्ली मिळत नाही. गेल्या वर्षी एका बाळाला वेबसाइटवरून 'दवाचा पहिला थेंब' अशा अर्थाचे नाव ठेवले आणि तो शब्द एकाही कोशात सापडला नाही. तेव्हापासून मी समितीचा सचिव आहे.

अर्ज क्रमांक सतरा अभिराज आणि भूमिका यांच्या मुलीचा होता. नाव: कावेरी. सोबत अभिराजचे वडील आप्पाजी चामराजपेटहून दोन बस बदलून आले होते.

"आमच्या हिचं नाव होतं, अण्णा," ते म्हणाले. "जाऊन दोन वर्षं झाली. घरात परत कुणाला तरी त्या नावानं हाक मारावी म्हणतो. स्वल्प, जरा लवकर करा."

"भावना फायलीला जोडता येत नाहीत," मी समजावले. "नावाचा उगम तपासावा लागतो."

कावेरीचा उगम कोडगूच्या डोंगरात असल्याने प्रत्यक्ष पाहणी आवश्यक ठरली. समिती सहकुटुंब तीन दिवस जाऊन आली. तिकडची कॉफी उत्तम असल्याचे अहवालात नमूद आहे. उगमापाशी गर्दी असल्याने पाहणी तेवढी राहिली.

मग उच्चाराची चाचणी. आसामचा सुरक्षारक्षक, केरळची नर्स आणि भूमिकाचा अमेरिकेतला मॅनेजर यांना नाव वाचायला दिले. तिघांनी ते तीन तऱ्हांनी वाचले. त्यातला प्रमाण उच्चार कोणता, हे ठरवायला उपसमिती नेमली. तिचे अध्यक्ष शहराच्या दुसऱ्या टोकाला, हेब्बाळला राहतात. पहिल्या सभेसाठी ते निघाले असून अद्याप वाटेत आहेत.

एव्हाना बाळ पाच महिन्यांचे झाले. समिती काही निर्दय नाही. अर्जाच्या क्रमांकावर बारसे उरकण्यास आम्ही तात्पुरती मंजुरी दिली. आत्या हेमलता पाळण्यात वाकली आणि बाळाच्या कानात म्हणाली, "अर्ज क्रमांक सतरा, कुर्रर्र." बायकांनी तिच्या पाठीत धपाटे घातले.

"युनिक आहे," घुगऱ्या खाताना शेजारच्या सुचेताबाई म्हणाल्या.

सगळे पांगल्यावर आप्पाजी पाळण्याशी गेले. "कावेरी," ते हळूच म्हणाले. बाळाने मान वळवली आणि खुदकन हसले.

मी तशी नोंद घेतली. अप्रमाणित नावाला दिलेला प्रतिसाद ग्राह्य धरला जात नाही, असे आप्पाजींना लेखी कळवले आहे. नियम सर्वांना सारखाच. तुमच्याही नावाचा अर्थ तुम्ही आजवर ऐकीवच धरून चालला असाल. रीतसर अर्ज करावा. निकाल लागेपर्यंत कुणी कितीही मायेने हाक मारली, तरी कृपया ओ देऊ नये.