सुरणाच्या माळावर न झालेल्या लढाईची बखर

श्रीअग्निनारायण समर्थ. जो चुलीत वसतो आणि पोटातही वसतो, त्यास नमन करून हकीकत लिहिली जाते ऐसीजे: शके सोळाशे सत्तेचाळीस, विश्वावसु संवत्सर, मार्गशीर्ष वद्य तृतीया, ते दिवशी दोन राज्यांचे सरहद्दीवर जो सुरणाचा माळ आहे, तेथे धुके ऐसे दाटले की स्वारास आपल्याच घोड्याचे कान दिसेनात. माळ कोणाचा, यावरून उभय महाराजांचा बेबनाव होऊन अलीकडे धारराव सेनापती आणि पलीकडे हैबतराव सरदार फौजा घेऊन उतरले होते, आणि धुके फिटताच लढाई व्हावी ऐसा ठराव जाहला होता. माळ मात्र कसत होती अंबूबाई. दरसाल कंद काढावा, राखेत जपावा, पुन्हा लावावा, तेव्हा चौथे साली तो घागरीएवढा होतो. आणि तिचे चौथे साल चालू होते. पाने निम्मीच पिवळी होती, आणखी पंधरा दिवस हवे होते. घोडदळ वरून गेले म्हणजे चार वर्षे मातीस मिळाली, हे तिने जाणले, आणि मग बांधावरचा एक सुरण व टोपलीभर रताळी काढून माळाच्या मधोमध निखाऱ्यांचा आर पेटविला, आणि दोन्हीकडे निरोप धाडिला की, लढणे ते भरल्या पोटी लढावे.

त्या डोंगरात चाल ऐसी की, एका वाटीत बुडवून ज्यांनी भाजका कंद खाल्ला, त्यांनी तो आर निवेपर्यंत एकमेकांवर हात उगारू नये. हैबतरावांस ही चाल ठाऊक होती. म्हणून ते येऊन बैसले, परंतु वाटीस शिवणार नाही ऐसे आधीच बोलून ठेविते जाहले. वाटीत हिरवी मिरची, लसूण, मीठ आणि आमसुलाचे आंबट आगळ, ऐसे पाट्यावर वाटलेले तिखट होते, त्याच्या वासानेच पहाऱ्यावरील शिपायांचे डोळे पाणावले. अंबूबाई निखाऱ्यांवर तळहात धरून श्वास मोजीत असे. पाच श्वास सोसवले म्हणजे आच बेताची. तीनच सोसवले तर साल करपते आणि गाभा कच्चा राहतो. रताळी तिने पाचांवर ठेविली. सुरण मात्र त्या दिवशी तिनांवर ठेविला.

धाररावांनी फोड तिखटात बुडवून खाल्ली आणि डोळे मिटून घेतले. हैबतरावांनी कोरडीच खाल्ली, आणि दुसऱ्या घासास घसा धरून तलवारीवर हात टाकिते जाहले.

"बाई, विष घातलेस."

"विष कशाला घालू सरकार, सुरण आहे, खवखवतो. आंबटात बुडवून खा म्हणजे उतरेल. नाहीतर बसा संध्याकाळपर्यंत घसा खाजवत."

धारराव म्हणाले, "आमच्या तोफखान्यास जे साधले नसते ते एका फोडीने केले."

हैबतराव काही काळ मानाने ताठ बैसले. मग डोळ्यांतून पाणी येऊ लागले, तेव्हा त्यांनी फोड वाटीत बुडविली, आणि खवखव उतरली, आणि पाठोपाठ रताळे खाल्ले, ते मधासारखे. हात पुसल्यावर त्यांच्या ध्यानात आले की आपण बांधले गेलो.

"आर केव्हा निवेल?" त्यांनी विचारिले.

"निवेल की," अंबूबाई म्हणाली, आणि खैराचा एक ओंडका आत सरकवून वर राख ओढिती जाहली.

धुके फिटले, पण धूर राहिला. दोन्ही फौजा आराभोवती बैसल्या, घोडी उभ्या उभ्या पेंगू लागली, आणि भाले जमिनीत रोवले होते त्यांवर धोतरे वाळू लागली. रोज सकाळी एकेक शिपाई येऊन राखेवर तळहात धरी, श्वास मोजी, आणि अजून ऊन आहे ऐसे सांगून जाई. पंधरावे दिवशी पाने गळाली आणि उभय फौजांनी मिळून सुरण काढिला. अंबूबाईने आपला हात आरावरून काढून घेतला आणि म्हणाली की, माझे काम जाहले, आता निवू द्या हवे तर. कोणी उठले नाही. मग हैबतराव गेले आणि स्वतः खैराचा ओंडका घेऊन आले.

येणेप्रमाणे माळावरील मजकूर. उभय महाराज थोर, त्यांचा ठराव अद्याप कायम आहे. आर निवताच लढाई व्हावयाची आहे. हे लिहिणाराने काल जाऊन हात धरून पाहिला. पाच श्वास सोसवले.